चार माणसं बसवून आत्ममग्न नवरा सुधारत नाही. आधी बाईची तयारी करा

वेण्णाकाठ

आपल्याकडे, म्हणजे सातारा-सांगलीच्या पट्ट्यात, नवरा-बायकोचं बिनसलं की पहिला तोडगा ठरलेला असतो. मामा, चुलते, एखादा माजी सरपंच, कुठे तंटामुक्ती समितीचे अध्यक्ष असे पाच-सहा जण सासरी जातात आणि ‘बसून मिटवू’ म्हणतात. सासू-सुनेची कुरबुर असेल, जमिनीच्या वाटणीवरून ताण असेल, तर याचा उपयोग होतो. पण जोडीदार नार्सिसिस्ट असेल, म्हणजे स्वतःच्या मोठेपणापुढे समोरच्याचं दुखणं त्याला दिसतच नसेल, तर ही बैठक बाईवर उलटते, असं माझं ठाम मत आहे.

बैठकीत काय घडतं ते नीट बघा. नवरा इस्त्रीचा सदरा घालून बसलेला असतो. पाहुण्यांना चहा स्वतः आणून देतो, थोरल्यांच्या पाया पडतो, आवाज खाली ठेवतो. ‘हिला मी काय कमी केलंय, हिनंच सांगावं’ एवढं एकच वाक्य बोलतो. बाईकडे सांगायला असतं ते रोजचं साचलेलं: मोबाईल तपासणं, पाहुण्यांसमोर माहेरची चेष्टा, आठ-आठ दिवस अबोला, भाजीच्या पैशाचाही हिशेब, आणि आदल्या दिवशी बोललेलं दुसऱ्या दिवशी ‘मी असं बोललोच नाही’ म्हणणं. यातलं एकेक सुटं सांगितलं की क्षुल्लक वाटतं. सांगता सांगता ती रडते किंवा आवाज चढवते. मंडळी निष्कर्ष काढून मोकळी होतात, ‘पोरगा शांत आहे, पोरगीच तापट दिसते.’

खरं नुकसान पाहुणे गेल्यावर होतं. कोणी काय ऐकलं, कोणी तिची बाजू घेतली, हे त्याला कळलेलं असतं. पुढच्या आठवड्यात नेमके तेच दरवाजे बंद होतात. भावाचा फोन आला की भांडण, मावशीकडे जाणं बंद. भावकीत मान हे त्याचं सगळ्यात मोठं भांडवल असतं, त्याला धक्का लावल्याचा राग तो तिच्यावरच काढतो.

म्हणून आधी तयारी, आणि तीही गाजावाजा न करता. आधार, पॅन, लग्नपत्रिका, लग्नाचे फोटो, विवाह नोंदणीचा दाखला, मुलांचे जन्मदाखले, रेशनकार्ड यांच्या प्रती माहेरी किंवा विश्वासातल्या माणसाकडे. दागिन्यांचे फोटो वजनकाट्यावर ठेवून काढा, सराफाच्या पावत्या असतील तर त्यांचेही काढा. सोनं दोघांच्या नावाच्या लॉकरमध्ये असेल आणि कुणालाही एकट्याला उघडायची मुभा असेल, तर तो ते केव्हाही काढू शकतो हे धरून चाला. आणि एका साध्या वहीत तारीख, वेळ, झालेला प्रकार, समोर कोण होतं, एवढ्याच चार गोष्टी. स्वतःच्या भावना त्यात नकोत, तो मजकूर पुढे वकिलाला लागतो.

तासगावकर

वेण्णाताई, निदान बरोबर आहे, औषध चुकतंय. बैठक वाईट नाही, बसवायची पद्धत वाईट असते. जत किंवा आटपाडीच्या आतल्या गावातली बाई उठून थेट कोर्टात जात नाही. तिला पुन्हा त्याच गावात, त्याच पाणवठ्यावर राहायचं असतं. ‘तिनं कुणाला न विचारता केस टाकली’ हा शिक्का बसला की तिचे स्वतःचे भाऊही मागे सरतात.

आणि त्याला भावकीतल्या मानाची एवढी काळजी आहे ना? मग तोच आपला दोर. फक्त धरायचा कसा ते कळलं पाहिजे.

सहा माणसं नकोत, तीन पुरेत. त्यात एक बाई हवीच आणि एक माणूस असा हवा ज्याच्या नजरेतून उतरणं त्याला परवडत नाही: थोरला भाऊ, सोसायटीचा सेक्रेटरी, नोकरीतला साहेब. दोघांना समोरासमोर बसवायचं नाही. आदल्या दिवशी तिचं वेगळं ऐकून घ्यायचं. स्वभाव, संस्कार, प्रेम यावर बैठकीत चकार शब्द काढायचा नाही, कारण त्या विषयात तो तुम्हाला तासभर गुंडाळून ठेवील. मागण्या तीनच, आणि त्याही मोजता येतील अशा. उदाहरणार्थ: उसाचं बिल खात्यावर आलं की घरखर्चाची ठरलेली रक्कम त्याच आठवड्यात तिच्या खात्यावर वळती व्हायची. कायद्यानं कारखान्यानं एफआरपी, म्हणजे उसाचा सरकारनं ठरवलेला किमान दर, १४ दिवसांत द्यायची असते, पण प्रत्यक्षात हप्ते पडतात, म्हणून अट तारखेला नको, जमा झालेल्या पैशाला बांधा. दुसरी, महिन्यातून एकदा दोन दिवस माहेर, त्यावर चर्चा नाही. तिसरी, तिचा फोन तिच्याकडे.

हे कागदावर घ्या, सगळ्यांच्या सह्या घ्या, आणि महिन्यानं त्याच तिघांनी परत यायची तारीख तिथंच ठरवा. ही दुसरी तारीख सगळे विसरतात. बैठक फसते ती तिथं.

डॉक्टर_मिरज

दोघांच्याही आधी एक सांगतो. मोबाईलवर दोन रील बघून जोडीदाराला हा शिक्का मारू नका. आत्ममग्न व्यक्तिमत्त्वाचा विकार ठरवायला मानसोपचारातल्या डीएसएम-५ या निदानपुस्तिकेत ९ निकष आहेत, त्यातले किमान ५ लागतात, आणि तरुणपणापासून घरी, कामावर, मित्रांत सगळीकडे तीच तऱ्हा दिसावी लागते. बायकोशी तुसडा पण भावाच्या आजारपणात रात्ररात्र जागणारा माणूस यात बसेलच असं नाही. कधी ते नैराश्य असतं, कधी दारू, कधी निव्वळ पुरुषी माज. त्याला औषध वेगळं.

निदान झालं तरी या विकारावर गोळी नाही. बोलण्याच्या उपचारांनी फरक पडू शकतो, पण त्याला काळ लागतो, बऱ्याचदा वर्षं, आणि मुळात त्या माणसाला ‘माझं काहीतरी चुकतंय’ असं वाटावं लागतं. असे लोक येतात ते नोकरी गेल्यावर, धंद्यात बुडाल्यावर, झोप उडाल्यावर. तो दरवाजा उघडतो तेव्हा उपयोग करून घ्या. तोवर त्याला बदलण्यात स्वतःची शक्ती घालवू नका.

एक गोष्ट मात्र बैठकीपेक्षा आणि कोर्टापेक्षाही आधी. घरात मारहाण आहे का, गळा आवळणं आहे का, ती त्याला भिते का, हे एकटीला विचारा. होय असेल तर दोघांना एकत्र बसवून समुपदेशन करायचं नाही. ती खोलीत जे खरं बोलेल त्याची किंमत घरी गेल्यावर मोजेल. तासगावकर, तुमची तीन माणसांची बैठकही अशा घरात नको.

आणि ‘तू गेलीस तर औषध पितो’ ही धमकी आपल्या भागात हलक्यात घेऊ नका. द्राक्षबागेचं, उसाचं फवारणीचं औषध घरातच असतं. ते कुलपात किंवा दुसऱ्याच्या ताब्यात द्या, त्याच्या भावाला लगेच कळवा, प्रसंग अंगावर आला तर ११२. मानसिक आरोग्याच्या सरकारी फोनसेवेचा, टेलिमानसचा क्रमांक १४४१६, तिथं मराठीत बोलता येतं. पण त्या धमकीपायी तिनं एकटीनं परत त्या घरात जायचं नाही. जीव वाचवायला माणसं पाठवा, तिला नको.

अ‍ॅड_कोयना

तासगावकर, तुमच्या ‘कागदावर घ्या’ला माझा विरोध नाही, पण त्या कागदाला लोक नको तेवढं वजन देतात. ५०० च्या स्टॅम्पवर ‘यापुढे त्रास देणार नाही’ लिहून नोटरी केली, तरी तो मोडला म्हणून पोलीस त्याला उचलत नाहीत. तो पुरावा आहे, हुकूम नाही. हुकूम मिळतो कौटुंबिक हिंसाचाराच्या २००५ च्या कायद्याखाली. या कायद्यात मारहाणच लागते असं नाही. टोमणे, अपमान, पैसे अडवून ठेवणं हेही हिंसेत मोडतं. हा हुकूम, म्हणजे संरक्षण आदेश, मोडला तर १ वर्षापर्यंत कैद किंवा २०,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही.

लोकांना माहीत नसलेल्या दोन गोष्टी. अर्ज ती सध्या राहते तिथल्या कोर्टात चालतो, म्हणजे सासर जतला असलं आणि ती कराडला माहेरी आली असली तर कराडला. आणि घर सासूच्या नावावर आहे म्हणून तिला बाहेर काढता येत नाही. कायद्यातलं ‘सामाईक घर’ नवऱ्याच्याच नावावर असावं लागत नाही, ते सर्वोच्च न्यायालयानं २०२० मध्ये सतीश चंदर आहुजा निकालात स्पष्ट केलंय. अर्ज शक्यतो ६० दिवसांत निकाली काढावा असं कायदा म्हणतो, तारखा त्याहून लांबतात. म्हणून मूळ अर्जासोबतच शपथपत्रावर अंतरिम, म्हणजे निकालापर्यंतचा तात्पुरता, आदेश मागा. वकिलाचे पैसे नसतील तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. महिलेला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

पोटगीला ‘मला शेतीत काही उरत नाही’ हे उत्तर ठरलेलं असतं. २०२० च्या रजनेश विरुद्ध नेहा निकालानंतर दोघांनाही मालमत्ता आणि देण्यांचं शपथपत्र द्यावं लागतं. त्याचा सातबारा, आठ-अ, कारखान्याचा सभासद क्रमांक, सोसायटीच्या कर्जाचा आकडा आधी जमवून ठेवलात तर तिथं खोटं पकडता येतं.

आणि कुठल्याही बैठकीत सोडचिठ्ठीच्या स्टॅम्पवर सही करू नका. त्या समाजात तशी रूढी असल्याचं सिद्ध करता आलं नाही तर नोटरीपुढची काडीमोड हा घटस्फोटच नव्हे. पण त्यातली ‘माझे दागिने मिळाले, काही देणं-घेणं राहिलं नाही’ ही ओळ पुढं तुमच्याच अंगावर येते.

माणगंगा

वेण्णाताईंची गुपचूप तयारी कागदावर छान दिसते, पण ती कुठं फुटते ते कुणी सांगत नाही. ती फुटते फोनवर.

बऱ्याच घरांत बायकोच्या बँक खात्याला आणि आधारला नवऱ्याचाच मोबाईल नंबर जोडलेला असतो. ती शाखेत जाऊन नंबर बदलायला लागली की जुन्या नंबरावर संदेश जाऊ शकतो. म्हणून जुन्या खात्याला हात लावू नका. घरातल्या कुणाचं खातं नाही अशा दुसऱ्या बँकेत किंवा पोस्टात, नव्या सिमवर नवं खातं काढा, आणि आधारचा ओटीपी न वापरता शाखेत अंगठा लावून. आधारला त्याचा ईमेल असेल तर अंगठ्याचीही सूचना तिकडे जाऊ शकते, ते आधी बघा. पासबुक आणि एटीएम कार्डाचा पत्ता सासरचा देऊ नका, पोस्टमन कार्ड नवऱ्याच्या हातात देऊन जातो.

फोनमध्ये व्हॉट्सअ‍ॅपचं ‘लिंक्ड डिव्हायसेस’ उघडा. तिथं अनोळखी संगणक दिसला तर समजा तो वाचतोय. गुगल खातं त्यानंच काढून दिलेलं असेल तर तुमचे फोटो आणि लोकेशन त्याला दिसत असण्याची शक्यता मोठी. पण निघायच्या आधी हे सगळं तोडूही नका, अचानक तोडलं की त्याला संशय येतो. त्या फोनवर नेहमीचंच बोला, नवं बोलणं दुसऱ्या फोनवर करा.

कराड_पूर्व

सगळे ‘बाई’ धरूनच लिहिताय. आत्ममग्न बायकोच्या हाताखाली पिचलेला पुरुष या भागात तोंड उघडू शकत नाही, लोक हसतात. २००५ चा कायदा त्याच्यासाठी नाही हे खरं, पण हिंदू विवाह कायद्यातली क्रूरता दोघांनाही लागू आहे आणि त्यात मानसिक छळ येतो. मुलं घरात ठेवून रागानं निघून जाऊ नका. मुलांचा ताबा मागायचा असेल तर तो रिकामा काळ तुमच्या विरोधात मांडला जातो. आणि धमक्यांना उलट धमकी लिहू नका. उत्तर दोन ओळींचं: काय, कधी, कुठे. ‘मुलीची फी सोमवारी भरतो. पावती पाठवीन.’ बाकी आरोपांना उत्तरच नाही.

वेण्णाकाठ

कराड_पूर्व, मान्य, आणि दोन ओळींचं उत्तर बाईनंही वापरावं. घरात राहूनच दिवस काढायचे असतील तर तेवढंच हातात असतं. ‘तुम्हाला तसं वाटतं, ठीक आहे. जेवायला वाढते.’ स्पष्टीकरण नाही, रडणं नाही, शपथा नाहीत. पण सुरुवातीला याने तो अजून डिवचतो, कारण प्रतिक्रिया मिळेनाशी होते. हात उचलणारा असेल तर हा मार्ग धोक्याचा. आणि मुलांशी चुकूनही असं सपाट बोलू नका, त्यांना ते आईनं तोडल्यासारखं वाटतं.

तासगावकर, तुमची बैठक मी सांगितलेल्या बैठकीपेक्षा बरी आहे, पण तिचा आधार बघणारी माणसं हाच आहे. ती तीन माणसं पहिल्या महिन्यात येतील, दुसऱ्या महिन्यात एक येईल, मग ऊसतोड सुरू झाली की कुणीच नाही. त्याला थांबायला येतं. सणावाराला चांगली साडी, मुलांना गाडीवरून फिरवणं, आणि लक्ष हटलं की मूळ पदावर. म्हणून माझा क्रम तोच: कागद, खातं, फोन, सोनं आधी, मग तुमची बैठक.

तासगावकर

क्रमावर वाद घालत नाही. पण सगळी तयारी होईपर्यंत थांबायचं म्हणता, त्यात दोन वर्षं जातात आणि बाई त्याच घरात असते. मी म्हणतो बैठक लवकर बसवा, डॉक्टरांनी सांगितलेली घरं सोडून. अटी मोडल्या तर मोडल्याची तारीख हातात राहते. वकीलबाई, सह्यांचा तो कागद तुम्हाला कोर्टात चालतो की नाही, तेवढं सांगा.

अ‍ॅड_कोयना

चालतो, पण अटी मोजता येण्यासारख्या असतील तर. ‘नीट वागेन’ याचा मला काही उपयोग नाही. ‘दरमहा अमुक रक्कम अमुक खात्यावर’ असेल तर बँकेचा उतारा शेजारी ठेवला की काम झालं. मूळ प्रत सासरी ठेवू नका. सही करणाऱ्यांपैकी एक तरी कोर्टात येऊन सांगायला तयार हवा, आणि हे बैठकीच्या आधी विचारून घ्या.

बैठकीत तो जे बोलला त्याचं रेकॉर्डिंग असेल तर तेही ठेवा. नवरा-बायकोतलं चोरून केलेलं रेकॉर्डिंग वैवाहिक दाव्यात पुरावा म्हणून घेता येतं, असा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल जुलै २०२५ मध्ये आलाय. फक्त क्लिप कापू नका, नाव बदलू नका, मूळ फोन विकू नका. भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खाली प्रमाणपत्र लागतं आणि त्यात फाइलचा हॅश क्रमांक, म्हणजे फाइल बदललेली नाही हे दाखवणारा तिचा ठसा, द्यावा लागतो. मात्र त्याच्या फोनमध्ये गुपचूप अ‍ॅप टाकून पुरावा काढू नका, तो माहिती तंत्रज्ञान कायद्याखाली तुमच्यावरच गुन्हा होऊ शकतो.