दिनविशेष: जुनी तारीख की नवी?

प्रश्न: एकाच तारखेला घडलेल्या घटनांचा तक्ता करतोय. न्यूटनचा जन्म कुठे २५ डिसेंबर १६४२, तर कुठे ४ जानेवारी १६४३ दिसतो. कुठल्या दिवसाखाली टाकू?

उत्तर १: दोन्ही बरोबर. पहिली ज्युलियन म्हणजे जुन्या कॅलेंडरची, दुसरी ग्रेगोरियन म्हणजे आज आपण वापरतो त्या कॅलेंडरची. इंग्लंडने कॅलेंडर बदललं १७५२ मध्ये. तिथे २ सप्टेंबरनंतर थेट १४ सप्टेंबर उजाडला. फरक सरसकट सारखा धरू नका, घोळ तिथेच होतो. ज्युलियन तारखेत १५८२ पासून फेब्रुवारी १७०० पर्यंत १० दिवस मिळवा, मग १८०० पर्यंत ११, १९०० पर्यंत १२, पुढे १३. कारण ही तिन्ही शतकी वर्षं ज्युलियनमध्ये लीप आहेत, ग्रेगोरियनमध्ये नाहीत. म्हणून रशियातली २५ ऑक्टोबर १९१७ ची क्रांती ७ नोव्हेंबरला येते.

उत्तर २: वर्षही तपासा, ते फार जण विसरतात. इंग्लंडमध्ये १७५१ पर्यंत कायदेशीर वर्ष २५ मार्चला सुरू व्हायचं. इंग्लंडचा राजा पहिल्या चार्ल्सचा शिरच्छेद ३० जानेवारी १६४९ चा, पण तेव्हाच्या कागदांत १६४८ लिहिलेलं सापडतं.

उत्तर ३: ‘गॅलिलिओ गेला त्याच वर्षी न्यूटन जन्मला’ हे वाक्य तक्त्यात घेऊ नका. गॅलिलिओची ८ जानेवारी १६४२ ही तारीख ग्रेगोरियन आहे, न्यूटनचं १६४२ ज्युलियन. खरा योगायोग हवा असेल तर ४ जुलै १८२६ घ्या: अमेरिकेचे माजी राष्ट्राध्यक्ष जॉन ॲडम्स आणि थॉमस जेफरसन एकाच दिवशी गेले, अमेरिकेच्या स्वातंत्र्य घोषणेला बरोबर ५० वर्षं होताना. तक्त्यात ‘मूळ तारीख’ आणि ‘कॅलेंडर’ असे दोन वेगळे रकाने ठेवा.