दशांश अपूर्णांकांचं मध्यम प्रमाणपद काढताना टिंब कुठे द्यायचं??

खाकी_स्वप्न:
नमस्कार मंडळी, पोलीस भरतीची तयारी चालू आहे. मध्यम प्रमाणपद म्हणजे दोन्हींचा गुणाकार करून वर्गमूळ काढायचं इतकं कळतं, ४ आणि ९ चं ६ लगेच येतं, पण टिंब आलं की माझी वाट लागते. ०.०८ आणि ०.१८ ला मी आधी ०.१३ लिहिलं, मग कळलं की ती नुसती सरासरी झाली, उत्तर ०.१२ आहे. ते सोडा, खरा घोळ पुढच्यात आहे, ०.५ आणि ०.८. गुणाकार ०.४, त्याचं वर्गमूळ ०.२ ना? उत्तरपत्रिकेत ०.६३ दिलंय. छापायची चूक आहे का?

गणितवाला_मामा:
छपाई बरोबर आहे रे, चूक तुझीच. ०.२ ला ०.२ ने गुणून बघ, ०.०४ येतं, ०.४ नाही येत. गुणाकार खरं तर ०.४० होता, तू शेवटचं शून्य खाल्लंस आणि तिथेच फसलास. वर्गमूळ काढताना टिंबाच्या उजवीकडे दोन-दोन अंकांच्या जोड्या करायच्या, एकटा अंक उरला तर शून्य चिकटवायचं. ४० चं वर्गमूळ ६.३२, म्हणून ०.६३२. आणि एक साधी खूण, उत्तर नेहमी दोन संख्यांच्या मधेच पडतं. ०.५ आणि ०.८ च्या मधे ०.२ कुठून येईल!

शिकवणी_ताई:
मामा बरोबर आहेत पण मी मुलांना वर्गमुळात टिंब जाऊच देत नाही. दोन्ही संख्या पैशात मोजायच्या. ०.०८ रुपये म्हणजे ८ पैसे, ०.१८ म्हणजे १८ पैसे, ८ गुणिले १८ म्हणजे १४४, वर्गमूळ १२, म्हणजे १२ पैसे, झालं ०.१२. एकात एक घर आणि दुसऱ्यात दोन असतील तरी अडत नाही, ०.५ आणि ०.१८ म्हणजे ५० पैसे आणि १८ पैसे, गुणाकार ९००, उत्तर ३० पैसे, ०.३. फक्त दोन्हीकडे घरं सारखी करून घ्यायची, विसरलात की संपलं.

आणि डोळ्यांनी बघायचं असेल तर दहावीचं भूमितीमध्याचं प्रमेय आठवा. ५ सेमी आणि ८ सेमी एकाच रेषेत जोडून १३ सेमीचा रेषाखंड काढा, त्यावर अर्धवर्तुळ, आणि जोडावरून सरळ वर लंब. पट्टीने मोजलात तर ६.३ सेमीच्या आसपास भरतो, तुमचं ०.६३ तेच, दहापट मोठं करून.

तागडीवाला:
हे भरतीत येतं माहीत नव्हतं, आमच्याकडे जुन्या तागडीवर हेच चालायचं. दांडीचे दोन हात सारखे नसले की काटा खोटं बोलतो. मग माल एकदा डाव्या पारड्यात, एकदा उजव्यात तोलायचा. एकीकडे ८ ग्रॅम भरला, दुसरीकडे १२.५, तर खरं वजन १०, कारण गुणाकार १००. सरासरी काढली तर १०.२५ येतं आणि सोनं असेल तर तो पाव ग्रॅम कुणाच्या खिशातून जाणार? (इतका वाकडा काटा ठेवणारा काटा मारतोच आहे म्हणा, आकडे सोपे पडावेत म्हणून घेतले.) एका वेळी एका हाताची लांबी फायद्याची, पालटलं की तीच तोट्याची, गुणाकारात दोन्ही कटतात.

खाकी_स्वप्न:
ताई पैशाचं एकदम डोक्यात बसलं, मामा शून्य खाल्लेलं कबूल 😅 आत्ताच ०.०२ आणि ०.४५ केलं. २ पैसे आणि ४५ पैसे, गुणाकार ९०, वर्गमूळ साधारण ९.४९, म्हणजे ०.०९४९. नेहमीच्या पद्धतीने केलं असतं तर ०.००९ बघून छातीठोकपणे ०.०३ लिहून आलो असतो, आणि ०.०३ तर मधेच पडतं, म्हणजे मामांच्या खुणेनेही पकडलं गेलं नसतं.

गणितवाला_मामा:
अरे हो की! मग वर्ग करून बघ, ०.०३ चा वर्ग ०.०००९.