खराब इंजिन, लाखो मालक आणि एक तडजोड: सामूहिक दाव्यातून गाडीवाल्याला न्याय मिळतो का?

नोव्हीकर

मिशिगनमध्ये गाडीच्या सामूहिक दाव्याचा, म्हणजे सारखीच तक्रार असलेल्या सगळ्या मालकांच्या वतीने लावलेल्या एकाच दाव्याचा, विषय निघाला की आपल्या मराठी मंडळींतही हमखास ऐकू येतं, "वकिलांची घरं भरतात, आपल्याला चहापाण्याचे पैसे." हे मत मला साफ चुकीचं वाटतं. का, ते ह्युंदाई-कियाच्या थीटा-2 इंजिनाच्या प्रकरणावरून सांगतो.

2.0 आणि 2.4 लिटरची ही इंजिनं. अलाबामातल्या माँटगोमेरीच्या कारखान्यात क्रँकशाफ्टचं, म्हणजे इंजिनातल्या फिरणाऱ्या मुख्य दांड्याचं, मशिनिंग झाल्यावर धातूचे बारीक कण आतच राहिले, असं कंपनीनेच सप्टेंबर 2015 मध्ये सांगितलं आणि सुमारे 4 लाख 70 हजार सोनाटा परत बोलावल्या. हे कण तेलाच्या वाटेत अडकतात, कनेक्टिंग रॉडच्या बेअरिंगला तेल मिळत नाही, बेअरिंग झिजतं. आधी टकटक आवाज, मग कधीतरी भर हायवेवर इंजिन सीज, म्हणजे आतून जाम. 2017 मध्ये आणखी जवळपास 12 लाख गाड्यांचा रिकॉल झाला.

पण रिकॉलमध्ये मिळत काय होतं? तपासणी. त्या दिवशी इंजिन ठीक वाटलं की गाडी घरी परत. ज्यांनी आधीच स्वतःच्या खिशातून इंजिन बदललं, ज्यांनी गाडी मातीमोल भावात विकली, ज्यांनी ती सेकंडहँड घेतली, त्यांचं काय? या लोकांसाठी लावलेल्या सामूहिक दाव्यात 2019 च्या ऑक्टोबरमध्ये कंपनीशी तडजोड जाहीर झाली आणि 2021 मध्ये कॅलिफोर्नियातल्या फेडरल कोर्टाने तिला अंतिम मंजुरी दिली. सुमारे 40 लाख गाड्या तिच्यात आल्या. शॉर्ट ब्लॉकला, म्हणजे आपल्याकडचे मिस्त्री ज्याला हाफ इंजिन म्हणतात त्या खालच्या भागाला, आजीवन वॉरंटी मिळाली आणि तीही पुढच्या मालकाला लागू. जुन्या दुरुस्तीचा खर्च, टोइंग, भाड्याच्या गाडीचे पैसे परत मागता येऊ लागले.

एकट्या माणसाने काही हजार डॉलरच्या इंजिनासाठी कंपनीशी कोर्टात झुंजणं शक्य नाही, हे कंपनीला पक्कं माहीत असतं. तिचा सगळा हिशेब त्यावरच चालतो. तो हिशेब मोडणारं दुसरं हत्यार कोणाला माहीत असेल तर जरूर सांगावं.

चाकण_क्यूसी

सांगतो. एक प्रामाणिक इंजिनिअर आणि एक जागं सरकारी खातं.

किम ग्वांग-हो हे ह्युंदाईचेच इंजिनिअर. 2016 मध्ये कंपनीतली कागदपत्रं घेऊन ते अमेरिकेच्या वाहन सुरक्षा खात्याकडे, म्हणजे एनएचटीएसएकडे गेले आणि रिकॉल अपुरा असल्याचं त्यांनी सांगितलं. त्यांची नोकरी गेली. नोव्हेंबर 2020 मध्ये रिकॉलला केलेल्या उशिराबद्दल आणि चुकीच्या माहितीबद्दल दोन्ही कंपन्यांवर मिळून 21 कोटी डॉलरची कारवाई झाली. वर्षभराने किम यांना 2 कोटी 40 लाख डॉलरहून मोठं बक्षीस मिळालं. त्या खात्याने आतल्या माहितगाराला दिलेलं ते पहिलंच बक्षीस.

ही माहिती कोणा वकिलाने खणून काढलेली नाही. तुमची तडजोड मात्र "आम्ही दोष मान्य करत नाही" या ओळीवरच उभी राहते. सही झाली की साक्षीपुरावा होत नाही. मशिनिंगच्या कोणत्या टप्प्यावर चूक झाली, कोणाला कधी कळलं, कोणी दाबलं, यातलं काहीच भर कोर्टात तपासलं जात नाही.

मी बावीस वर्षं गुणवत्ता विभागात काढली आहेत. मूळ कारण लिहून जाहीर झालं नाही, तर तीच चूक पुढच्या लाइनवर, पुढच्या सप्लायरकडे पुन्हा होते. तुम्ही पैशाचं बोलताय, मी पुढच्या इंजिनाचं बोलतोय.

शिवाय कोरियातल्या सुमारे 5 लाख 20 हजार गाड्यांनाही तीच आजीवन वॉरंटी मिळाली. तिथे ग्राहकांसाठी अमेरिकेसारखा सामूहिक दावा नाही. मग दाव्यामुळेच सगळं झालं, हे कसं म्हणता?

नोव्हीकर

कोरियाची घोषणा कधी झाली ते पाहा. अमेरिकेतल्या तडजोडीबरोबर, एकाच वेळी. अमेरिकन गाडीवाल्याला आजीवन वॉरंटी आणि मायदेशातल्या गाडीवाल्याला नाही, हे कंपनी कुठल्या तोंडाने सांगणार होती? कोरियन मालकाला जे मिळालं ते अमेरिकेतल्या दाव्याच्या दबावाने मिळालं.

किम यांच्याबद्दल मला पूर्ण आदर आहे. पण त्या 21 कोटींतला एक डॉलरसुद्धा इंजिन गमावलेल्या माणसाला मिळालेला नाही. सरकारी दंड सरकारचा असतो.

प्राजक्त_वि

चाकणकरांच्या मूळ कारणाच्या मुद्द्याशी पूर्ण सहमत. माझा आक्षेप वेगळा आहे: गप्प राहिलेल्या माणसाचं काय होतं?

अमेरिकेच्या नियमाप्रमाणे तुम्ही लेखी बाहेर पडला नाहीत तर तुम्ही दाव्यात आहात. टपालाने आलेलं कंटाळवाणं पाकीट उघडलं नाही, मुदतीत अर्ज भरला नाही, तर हाती पैसे नाहीत आणि त्या नुकसानीबद्दल वेगळा दावा लावायचा हक्कही गेला. अमेरिकेच्या व्यापार आयोगाने, म्हणजे एफटीसीने, 2019 मध्ये अर्ज भरावे लागणाऱ्या तडजोडींचा अभ्यास प्रसिद्ध केला. अर्ज करणाऱ्यांचं प्रमाण मध्यकाने, म्हणजे सगळ्या तडजोडी क्रमाने लावल्यावर मधोमध येणाऱ्या आकड्याने, 9 टक्के निघालं. दाव्याच्या आकाराप्रमाणे भार देऊन काढलेली सरासरी तर 4 टक्के. म्हणजे मोठ्या दाव्यांत शंभरातल्या सुमारे शहाण्णव जणांचा हक्क त्यांच्या हाती काही न पडता संपतो. थीटाच्या तडजोडीचं मूल्य वादींच्या वकिलांनी 130 कोटी डॉलरपर्यंत सांगितलं होतं. हे मूल्य आणि लोकांनी प्रत्यक्ष घेतलेले पैसे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. ज्यांना पत्र नीट वाचता येत नाही, जे घरं बदलत राहतात, जे तिसऱ्या-चौथ्या हाताची गाडी चालवतात, तेच नेमके गळतात. मला हे मान्यच होत नाही.

नोव्हीकर

आकडे बरोबर आहेत, पण ते रोख रकमेच्या अर्जाचे आहेत. वॉरंटीला आधी अर्ज लागत नाही. इंजिन गेलं की गाडी शोरूमला न्यायची. थीटाच्या तडजोडीचं खरं मोल तिथेच आहे आणि म्हणूनच मी हे प्रकरण निवडलं. पैशाऐवजी नुसती सवलतीची कूपनं वाटणाऱ्या तडजोडींचं समर्थन मी करणार नाही.

मिस्त्री_सातारा

मी गॅरेज चालवतो. कायद्यातलं फार कळत नाही, इंजिनातलं कळतं, म्हणून लिहितो.

एक. त्या तडजोडीत गाडीत सॉफ्टवेअर टाकून घेण्याची अट होती. नॉक सेन्सर बेअरिंगचा थरथराट ओळखतो, दिवा लावतो आणि गाडीचा वेग मर्यादित करतो. चांगली गोष्ट आहे, भर रस्त्यात बंद पडण्यापेक्षा केव्हाही बरी. पण त्याने बेअरिंगला तेल जात नाही. आजार तसाच, फक्त ताप मोजायची सोय झाली.

दोन. वॉरंटीत "असाधारण हलगर्जी" असेल तर नकार देण्याची मुभा होती. ऑइल वेळेवर बदललं नाही, इंजिनात गाळ साचला, असं म्हणायला जागा राहते. मोठ्या शोरूमची बिलं ठेवणारा सुटतो. माझ्यासारख्याकडे ऑइल बदलणारा, कागदाच्या चिठोऱ्यावर हिशेब घेणारा अडकतो.

आता आमच्याकडचं सांगतो. एका गिऱ्हाइकाची डिझेल गाडी, कंपनीचं नाव घेत नाही. ऑइल खायला लागली, हजार किलोमीटरला लिटरभर. वॉरंटी नुकतीच संपलेली. शोरूमवाले म्हणाले, "गुडविलमध्ये, म्हणजे वॉरंटी नसताना सवलत म्हणून, बघतो, पार्टचे अर्धे पैसे आमचे, मजुरी तुमची, आणि या कागदावर सही करा." सही केली बिचाऱ्याने. दुसरं काय करणार? मालवाहतुकीवर घर चालतं, गाडी उभी ठेवता येत नाही. तेच मॉडेल, तीच तक्रार घेऊन तेव्हा आणखी गाड्या माझ्याकडे आल्या होत्या. त्यातल्या एकालाही दुसऱ्याची खबर नव्हती.

त्यामुळे नोव्हीकर, तुमच्या तडजोडीत दोष आहेत, पण निदान 40 लाख लोकांना आपण एकटे नाही हे कळलं. मला तेवढंही मोठं वाटतं.

चाकण_क्यूसी

मिस्त्री, तुमच्याकडच्या गाड्यांचं उत्तर कोर्टातल्या सौद्यात नाही, ज्युरीसमोर, म्हणजे निवाडा देणाऱ्या सामान्य नागरिकांसमोर, आहे. जनरल मोटर्सच्या व्होर्टेक 5300 इंजिनाचं प्रकरण घ्या. 2011 ते 2014 च्या सिल्व्हराडो, टाहो, युकॉन वगैरे. पिस्टन रिंग लवकर झिजतात आणि इंजिन ऑइल खातं, असा दावा. म्हणजे तुम्ही सांगितली तीच तक्रार. तिथे वादी खटल्यापर्यंत ठाम राहिले. साक्षी झाल्या, तज्ज्ञांची उलटतपासणी झाली. ऑक्टोबर 2022 मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या ज्युरीने 10 कोटी 26 लाख डॉलरचा निवाडा दिला, माणशी 2,700 डॉलर. इंजिन सदोष होतं आणि कंपनीला माहीत होतं, हे सामान्य नागरिकांसमोर सिद्ध करता येतं. हाच मार्ग मला पटतो.

नोव्हीकर

तो दावा 2016 च्या डिसेंबरमध्ये लागला होता. सुरुवातीला कितीतरी राज्यांतले मालक त्यात होते. ज्युरीपुढे पोचेपर्यंत उरली तीन राज्यं: कॅलिफोर्निया, नॉर्थ कॅरोलायना, आयडाहो. सुमारे 38 हजार माणसं. बाकीच्या राज्यांतल्यांचं इंजिन कमी ऑइल खात होतं का? आणि निवाडा लागला तेव्हा 2011 ची गाडी अकरा वर्षांची झालेली. त्यावर अपिलाची लढाई वेगळीच. ठाम राहण्याची किंमत कोण मोजतं, हेही सांगा.

वकील_नागपूर

ग्राहक आयोगापुढे काम करतो, म्हणून भारताच्या बाजूचं लिहितो. वर मिस्त्रींनी जे सांगितलं ते रोज ऐकतो.

कायदा आपल्याकडेही आहे. 2019 च्या ग्राहक संरक्षण कायद्याच्या कलम 35(1)(क) नुसार, सारख्याच हिताच्या अनेक ग्राहकांसाठी एक किंवा काही ग्राहक आयोगाच्या परवानगीने तक्रार लावू शकतात. त्याच कायद्यात उत्पादकाच्या दायित्वाचं वेगळं प्रकरण आहे. मोटार वाहन कायद्यात 2019 च्या दुरुस्तीने कलम 110-अ आलं, सरकार सदोष गाड्या परत बोलवायला लावू शकतं, आणि त्याचे नियम 1 एप्रिल 2021 पासून लागू आहेत.

तरी इंजिनाच्या भागासाठी असे दावे उभे का राहत नाहीत? माझ्या मते मुख्य कारण पैसा. अमेरिकेत वकील स्वतः खर्च करतो आणि जिंकला तर कोर्टाने ठरवलेली फी घेतो. इथे बार कौन्सिलच्या नियमाने निकालावर अवलंबून फी घ्यायला मला मनाई आहे. बेअरिंग प्रयोगशाळेत तपासायचं, तर आयोग ती फी तक्रारदाराला भरायला सांगू शकतो. मग साताऱ्यातल्या वाहतूकदाराने दहा हजार अनोळखी गाडीवाल्यांसाठी धातुशास्त्राचा अहवाल का विकत घ्यावा?

सरकार आपल्या वतीने लढेल, हाही भरवसा धरू नका. मॅगीच्या प्रकरणात केंद्राने 2015 मध्ये ग्राहकांच्या वतीने सुमारे 640 कोटींची मागणी राष्ट्रीय आयोगापुढे केली होती. एप्रिल 2024 मध्ये ती फेटाळली गेली.

म्हणून प्राजक्तताई, अमेरिकेतल्या 4 टक्क्यांवर तुमचा राग योग्य आहे, पण माझ्या पक्षकारांसाठी ते 4 टक्केही आज अप्राप्य आहेत. फक्त "ताई" म्हणालो, चुकलं असल्यास सांगा.

प्राजक्त_वि

ताईच बरोबर आहे. पण "काहीच नाही त्यापेक्षा बरं" या मापाने मी कायदा मोजणार नाही. उद्या इथे वकिलांना निकालावर फी घ्यायची मुभा दिली, तर तडजोड लवकर उरकण्याची घाईही त्याच दाराने आत येईल. मुभा द्यायचीच असेल तर फी प्रत्यक्ष ग्राहकाच्या खात्यात जमा झालेल्या पैशावर ठरवा. जाहिरातीतल्या 130 कोटींवर नको. आणि आपल्याकडे गाडीची नोंद सरकारच्या 'वाहन' या संगणक प्रणालीत आहे, आजचा मालक आरसीवरून कळतो. मग अर्ज कशाला? पैसे थेट त्याला द्या.

नोव्हीकर

हे मात्र मला मनापासून पटलं. अर्ज न मागता थेट पैसे, यावर माझा काही वाद नाही.

चाकण_क्यूसी

माझा अजून आहे. फोक्सवॅगनच्या डिझेल प्रकरणाचं, म्हणजे प्रदूषण चाचणीला फसवणाऱ्या सॉफ्टवेअरचं, उदाहरण पुण्याच्या जवळचं आहे. पुण्याच्याच एआरएआय या वाहन चाचणी संस्थेने इथल्या गाड्या तपासल्या आणि डिसेंबर 2015 मध्ये सुमारे 3 लाख 23 हजार गाड्यांचा रिकॉल जाहीर झाला. अमेरिकेत 2016 ची तडजोड 1,470 कोटी डॉलरपर्यंतची, गाडी कंपनीला परत विकण्याची सोय असलेली. इथल्या मालकाला सॉफ्टवेअर बदलून मिळालं. राष्ट्रीय हरित लवादाने 2019 मध्ये 500 कोटींचा दंड लावला, तो पर्यावरणासाठी, आणि त्यावरही सर्वोच्च न्यायालयाने सक्तीच्या कारवाईला स्थगिती दिली.

मालकाला पैसे मिळायला हवेत, यावर माझं दुमत नाही. पण त्या प्रकरणात कंपनीने अमेरिकेत गुन्हा कबूल केला, तोही फौजदारी खटल्यात. म्हणून जगाला सगळं कळलं. प्रत्येक तडजोडीत एक अट सक्तीची करा: बिघाडाच्या कारणाचा तांत्रिक अहवाल जाहीर झाल्याशिवाय न्यायाधीशाने मंजुरी देऊ नये. ही अट घालणार असाल तर मी तुमच्या बाजूने उभा राहतो, नाहीतर नाही.

नोव्हीकर

त्या अटीने कंपनी टेबलावर येणारच नाही, आणि इंजिन गेलेला माणूस आणखी सहा वर्षं थांबेल. मी ती अट घालणार नाही. अहवाल सुरक्षा खात्याने मागावा, तो त्यांचा अधिकार आहे.

मिस्त्री_सातारा

तुमचं दोघांचं चालू द्या. वकीलसाहेब, मला एवढंच सांगा. झिजलेल्या बेअरिंगचे, रिंगांचे फोटो मोबाईलमध्ये आहेत. चार-पाच गॅरेजवाल्यांनी मिळून असे फोटो जमवले तर आयोगापुढे चालतील का?

वकील_नागपूर

नुसत्या फोटोंवर कंपनीचा वकील एका वाक्यात शंका घेईल. पार्टच ठेवा. पिशवीत घालून सील करा, त्यावर चॅसिस नंबर, इंजिन नंबर, किलोमीटर, तारीख आणि मालकाची सही घ्या. जॉब कार्ड छापील हवं, ऑइलचा ग्रेड आणि मागच्या बदलाची तारीख लिहिलेलं. गुडविलच्या कागदावर सही करण्याआधी मालकाला त्याची प्रत मागायला सांगा आणि "हक्क राखून स्वीकारले" असं स्वतःच्या अक्षरात लिहायला लावा. तक्रारीची मुदत कारण घडल्यापासून दोन वर्षांची आहे, तेव्हा आधी ज्यांची गाडी सगळ्यात अलीकडे बिघडली त्यांना गाठा. तीन मालक तयार झाले की मला निरोप पाठवा, परवानगीचा अर्ज मी लिहून देतो.