हितचिंतक की हितशत्रू?

प्रश्न :
डोमिनिक मोल यांचा 2000 सालचा फ्रेंच चित्रपट आमच्या फिल्म सोसायटीत दाखवायचा आहे. सोबत वाटायला एका पानाचं मराठी टिपण लिहितोय आणि नावापाशीच अडलोय. मूळ नावाचा सरळ अर्थ 'हॅरी, तुमचं भलं इच्छिणारा मित्र'. मराठीत हे फार सपक वाटतं. हॅरी पुढे जे करतो ते बघता 'हितशत्रू' कसा वाटेल? आणि 'ब्लॅक कॉमेडी'ला मराठीत काय म्हणावं? जाणकारांनी सांगावं.

प्रतिसाद :
'हितशत्रू' नको. वरून गोड आणि आतून वैरी, तो हितशत्रू. राशिभविष्यात 'हितशत्रूंपासून सावध' म्हणतात तो हाच. हॅरीच्या मनात मिशेलबद्दल तसूभरही वाकडं नाही. हायवेवरच्या स्वच्छतागृहात तो शाळासोबत्याला ओळखतो. मिशेलने शाळेच्या अंकात लिहिलेली, स्वतः मिशेलही विसरलेली कविता त्याला अजून तोंडपाठ आहे. मिशेलने पुन्हा लिहावं एवढीच त्याची इच्छा. त्या आड जे येईल ते तो दूर करतो. गाडी बंद पडली की नवी घेऊन देतो, आणि मिशेलचे आईवडील आड आले की त्यांनाही त्याच निर्मळ मनाने संपवतो. हसू येतं आणि अंगावर काटाही येतो, तो या निर्मळपणामुळेच. सेर्जी लोपेझ यांनी हे इतकं सहज केलंय की त्यांना त्यासाठी सेझार हा फ्रेंच चित्रपट पुरस्कार मिळाला. 'हितशत्रू' म्हटलं की हॅरी ढोंगी ठरतो, मग उरतो तो साधा खुनाचा सिनेमा.

आणखी एक. 'तुमचं भलं इच्छिणारा मित्र' ही फ्रेंचमध्ये निनावी पत्राखालची ठरलेली सही आहे. तुमची बायको कुठे जाते ते बघा, असं कळवणारं पत्र, आणि खाली हे शब्द. (असं पत्र लिहिणाऱ्याला तिकडे 'कॉर्बो', म्हणजे डोमकावळा म्हणतात. दिग्दर्शक क्लूझो यांच्या याच नावाच्या 1943 च्या चित्रपटामुळे हा शब्द रुळला.) आपल्याकडच्या निनावी पत्राखाली काय असतं? 'आपला एक हितचिंतक'. तीच सही, तोच आदरार्थी सूर, आणि वाचणाऱ्याच्या पोटात तोच गोळा. इतकी नेमकी जोडी क्वचित सापडते. इंग्रजीत अमेरिकेसाठी एक आणि ब्रिटनसाठी दुसरं अशी दोन नावं दिली, पण ही सही दोन्हींत हरवली.

प्रश्नकर्ता :
सहीचं लक्षातच आलं नव्हतं. पण 'हितचिंतक' आता लग्नपत्रिकेत आणि वाढदिवसाच्या फ्लेक्सवर इतका झिजलाय, की त्यात भीती उरली आहे का?

प्रतिसाद :
झिजलाय म्हणूनच घ्या. या शब्दात 'चिंता' नाही, 'चिंतणं' आहे : एखाद्याचं बरं चिंतणं, वाईट चिंतणं. हॅरी वर्षानुवर्षं मिशेलचं चिंतत आलाय.

शिवाय या सिनेमात हितचिंतक एकटा हॅरी नाही. मिशेलच्या आईवडिलांनी मुलाला न विचारता त्याच्या पडक्या घरात चकचकीत गुलाबी न्हाणीघर बांधून ठेवलंय. बाकी घराला धड रंग नाही, आणि मधेच त्या गुलाबी फरशा. प्रेमाने केलेलं, नाही म्हणता न येणारं. मिशेल रात्री लिहायला बसतो तोही तिथेच. 'हितचिंतक' म्हटलं की हॅरीबरोबर आईवडीलही त्या शब्दात येतात. 'हितशत्रू'त ते बसत नाहीत.

(ज्यांनी पाहिला नसेल त्यांनी पुढचं वाचू नये.) शेवटी हॅरी विहिरीत गाडला जातो. पण मिशेल लिहायला लागलेला असतो, बायकोलाही ते आवडतं, आणि कुटुंब परत निघतं ते हॅरीनेच दिलेल्या थंडगार गाडीतून. त्याने चिंतलेलं हित साधलं. मग त्याला शत्रू कसं म्हणायचं?

टिपणावर 'आपला एक हितचिंतक' एवढंच छापा. पुढे हॅरीचं नाव नको, निनावी पत्राखाली नाव नसतं. 'ब्लॅक कॉमेडी'ला 'काळा विनोद' चालेल, कळतो सगळ्यांना.