ठाण्यात रेकॉर्ड प्लेअरची पिन कोण बदलून देतं?

नमस्कार मंडळी, मदत हवी आहे. बाबांकडे ‘शोले’ची पॉलिडोरची जुनी एलपी आहे. गाण्यांची नव्हे, संवादांची! (आमच्या चाळीत गाण्यांपेक्षा गब्बरच जास्त वाजायचा, हे आजच्या पोरांना पटत नाही.) तबकडी ठणठणीत आहे, पण प्लेअरची पिन पार झिजलीय. ठाकूर बोलायला लागला की सर्रकन पुढे घसरते. नौपाड्यात, गोखले रोडला विचारून झालं. जो तो ‘ब्लूटूथ स्पीकर घ्या’ म्हणतो. ठाणे-मुलुंडकडे कोणी भरवशाचा कारागीर आहे का? घरी येऊन बघणारा असेल तर उत्तमच, प्लेअर भलताच जड आहे. आणि हो, ‘शोले’तली, वादक भानू गुप्तांनी वाजवलेली ती माउथ ऑर्गनची धून शिकवणारं कोणी आसपास आहे का? मुलीला शिकायचीय.