संपादकाने निवडणूक लढवावी का? हैदराबादच्या ‘सियासत’च्या निमित्ताने

गोदाकाठ (धागाकर्ता)

माझे वडील निजामाच्या राजवटीत नांदेडला उर्दूतून शिकले. त्यामुळे इनामाचा मुंतखब (इनाम मंजूर झाल्याचा उर्दू सरकारी कागद) वाचून घ्यायला गल्लीतली माणसे आमच्या ओसरीवर येत, आणि हैदराबादेहून आत्या आली की तिच्या पिशवीत ‘सियासत’ या उर्दू दैनिकाचे आठ-दहा अंक असत. आबिद अली खान यांनी महबूब हुसैन जिगर यांच्या साथीने १५ ऑगस्ट १९४९ रोजी, म्हणजे हैदराबाद संस्थान भारतात आणणाऱ्या पोलीस कारवाईला वर्षही झाले नव्हते तेव्हा, हे दैनिक सुरू केले. त्यांचे चिरंजीव झाहिद अली खान पुढे संपादक झाले आणि २००९ मध्ये तेलुगू देसमच्या तिकिटावर हैदराबाद लोकसभा मतदारसंघातून उभे राहिले. असदुद्दीन ओवैसी यांनी त्यांचा सुमारे १ लाख १४ हजार मतांनी पराभव केला.

ज्या वृत्तपत्राने शहरात एवढे समाजकार्य उभे केले, त्याच्या संपादकाला त्या शहराने मते का दिली नसावीत? मुळात त्यांनी उभे राहायला हवे होते का? जाणकारांनी कृपया लिहावे.

पत्थरगट्टी

समाजकार्य म्हणजे नेमके काय, हे आधी सांगतो, कारण महाराष्ट्रातल्या वाचकांना त्याची फारशी कल्पना नसते. बेवारस मृतदेह मुस्लिम व्यक्तीचा असल्याचे आढळले की पोलीस ठाण्याकडून ‘सियासत’च्या मिल्लत फंडाकडे पत्र जाते आणि मग कफन, जनाज्याची नमाज आणि दफन ही सगळी व्यवस्था फंड करतो. आबिद अली खान यांच्या नावाचा ट्रस्ट उर्दूच्या परीक्षा घेतो. अक्षरओळखीच्या ‘उर्दू दानी’पासून त्यांची सुरुवात होते. लग्नातल्या उधळपट्टीविरुद्ध ‘एक खाना, एक मीठा’ (एकच जेवणाचा आणि एकच गोडाचा पदार्थ) ही मोहीमही याच वृत्तपत्राने चालवली. ज्या शहरात वलीम्याला (लग्नानंतरच्या मेजवानीला) बिर्याणीच्या आधी चार पदार्थ आणि नंतर खुबानीचा (जर्दाळूचा) व डबलचा (पावाचा) असे दोन्ही मीठे लागतात, तिथे हे सांगायला धाडस लागते.

लग्ने जुळवण्यासाठीचा ‘सियासत’चा ‘दो-ब-दो’ मुलाकातीचा कार्यक्रम मी स्वतः पाहिला आहे, कारण शेजारच्या खालाजानना सोबत हवी होती. मुलगा-मुलगी नव्हे, तर त्यांचे पालक समोरासमोर बसतात. दहावी, पदवीधर, इंजिनिअर, डॉक्टर अशी टेबले वेगवेगळी मांडलेली असतात आणि ‘अक्द-ए-सानी’, म्हणजे पुनर्विवाहाचे टेबलही वेगळे असते. खालाजाननी तीन फोटो पर्समध्ये घातले आणि ‘घर किराए का है या अपना?’ हा प्रश्न प्रत्येकाला विचारला.

दारुस्सलाम रोड

वरील माहिती योग्य आहे, पण मूळ प्रश्नाचे उत्तर त्यातच दडलेले आहे. ही सर्व कामे माणसाच्या आयुष्यात एखाद-दुसऱ्या वेळी लागणारी आहेत: लग्न ठरवताना, भाषा शिकताना, आणि मेल्यावर. नाला तुंबला, रेशनकार्डावरचे नाव चुकले, पोरगा चौकीत बसवून ठेवला, या रोजच्या अडचणींसाठी जुन्या शहरातला माणूस मजलिसच्या, म्हणजे ओवैसींच्या एमआयएम पक्षाच्या, दारुस्सलाम कार्यालयात जातो, कारण तिथे आमदार आणि नगरसेवक सकाळी समोर बसलेले असतात आणि अर्जावर तिथल्या तिथे चिठ्ठी किंवा फोन होतो. ‘सियासत’बद्दल आदर नव्हता असे मुळीच नाही. आदर होता, पण मत देताना माणूस उद्या कोणाच्या दारात जायचे आहे याचा विचार करतो. १९८४ पासून हा मतदारसंघ ओवैसी घराण्याकडे आहे, तो केवळ भाषणांवर नव्हे.

दुसरे असे की तोवर मजलिसच्या जवळचे ‘एतेमाद’ हे उर्दू दैनिकही निघालेले होते. म्हणजे वृत्तपत्र हाताशी असणे ही एकट्या झाहिद अली खान यांची जमेची बाजू उरली नव्हती. शिवाय तेलुगू देसमने १९९८ नंतर काही वर्षे वाजपेयी सरकारला बाहेरून पाठिंबा दिला होता, ही गोष्ट मुस्लिम मतदार इतक्या लवकर विसरणार नव्हते.

जुनी पेठ

आपल्याकडे आचार्य अत्रे १९५७ मध्ये दादरमधून विधानसभेवर निवडून आले, तेही ‘मराठा’चे संपादक असतानाच. मात्र तेव्हा संयुक्त महाराष्ट्राची लाट होती आणि ‘मराठा’ हे त्या चळवळीचे मुखपत्रच होते. वृत्तपत्र आणि चळवळ एकजीव असली तर वाचकाचा मतदार होतो. नुसत्या सेवेने तो होत नाही, असे माझे मत आहे.

हैदराबादच्या उर्दू पत्रकारितेत आणखी एक नाव घ्यायलाच हवे. ‘इमरोज’चे तरुण संपादक शोएबुल्ला खान यांनी निजामाच्या बाजूने लढणाऱ्या सशस्त्र रझाकारांविरुद्ध लिहिले, आणि हैदराबादने भारतात सामील व्हावे असे सांगणारे सात मुस्लिमांचे निवेदन छापले. ऑगस्ट १९४८ मध्ये कार्यालयातून घरी जाताना काचीगुडा भागात त्यांच्यावर हल्ला झाला, त्यांचे हात तोडण्यात आले आणि त्यांचा मृत्यू झाला. राजकारणात उतरण्यासाठी संपादकाला उमेदवारी अर्ज भरावाच लागतो असे नाही, हे मराठवाड्याच्या लोकांना वेगळे सांगायला नको.

गोदाकाठ (धागाकर्ता)

सर्वांचे आभार. ‘एखाद-दुसऱ्या वेळी लागणारी कामे’ हा मुद्दा मला पटला. मात्र त्या घराण्याने राजकारण सोडले नाही, हेही नोंदवतो: झाहिद अली खान यांचे चिरंजीव आमेर अली खान यांनी ऑगस्ट २०२४ मध्ये तेलंगणा आंदोलनातले नेते प्रा. कोदंडराम यांच्यासोबत तेलंगणा विधान परिषदेचे राज्यपालनियुक्त सदस्य म्हणून शपथ घेतली. त्या नियुक्त्यांवरून न्यायालयीन वाद झाला, तो वेगळा विषय आहे. या वेळी वाट मतपेटीतून गेली नाही एवढे खरे.

वडिलांना हा धागा वाचून दाखवला. त्यांना निवडणुकीत रस नव्हता. ते म्हणाले, “आम्ही तो पेपर मुज्तबा हुसैन यांच्या विनोदी सदरासाठी वाचायचो. अग्रलेख तुझी आत्या वाचायची.”

पत्थरगट्टी

त्यांना माझा आदाब सांगा. ‘शीशा-ओ-तेशा’ म्हणत असतील ते. मुज्तबा हुसैन हे जिगर साहेबांचे धाकटे भाऊ, आणि १९६२ मध्ये ते सदर त्यांच्या गळ्यात घातले तेही जिगर साहेबांनीच.