वुशूच्या निकालांत एकाच वजनगटात दोन कांस्यपदके कशी?

प्रश्न:
जकार्ता येथे २०१८ साली झालेल्या आशियाई क्रीडा स्पर्धेत भारताला वुशू या चिनी युद्धकलेत चार कांस्यपदके मिळाली. रोशिबिना देवी, संतोष कुमार, सूर्य भानू प्रताप सिंह आणि नरेंद्र ग्रेवाल हे त्यांचे मानकरी होते. निकालपत्रक वाचताना दोन गोष्टी मला उमगल्या नाहीत. सांदाच्या प्रत्येक वजनगटात दोन कांस्यपदके दिली आहेत, ताओलूमध्ये मात्र एकच. शिवाय ताओलूत कुठे एकच गुणसंख्या दिसते, तर कुठे दोन गुणसंख्यांची बेरीज. जाणकारांनी कृपया खुलासा करावा.

उत्तर १:
वुशू हे नाव एक असले, तरी त्याखाली दोन निराळे खेळ नांदतात. सांदा ही प्रत्यक्ष लढत आहे. तीनपैकी दोन फेऱ्या जिंकणारा विजयी ठरतो आणि एकाच फेरीत दोनदा मंचाबाहेर गेलेला खेळाडू ती फेरी तिथेच गमावतो. उपांत्य फेरीत हरलेल्यांना तिसऱ्या क्रमांकासाठी पुन्हा लढवत नाहीत. मुष्टियुद्धाप्रमाणे दोघांनाही कांस्य दिले जाते. तुम्ही म्हणता ती चारही पदके सांदातलीच आहेत.

उत्तर २:
ताओलूविषयी थोडे सांगतो, कारण काही वर्षे मी त्याचा सराव केला आहे. येथे प्रतिस्पर्धी समोर नसतो; ठरलेल्या हालचालींचा क्रम एकट्याने सादर करायचा असतो आणि पंच १० पैकी गुण देतात. त्यांतील ५ हालचालींच्या शुद्धतेचे, ३ एकूण सादरीकरणाचे आणि २ काठिण्याचे. पुरुषांच्या चांगक्वान या निःशस्त्र प्रकारात एकच सादरीकरण असल्याने एकच गुणसंख्या दिसते, तर दाओशू आणि गुन्शू, म्हणजे तलवार आणि काठी, यांचे गुण एकत्र करून एकच पदक दिले जाते. हवेत ७२० अंशांची गिरकी घेऊन खेळाडू थेट घोडेस्वाराच्या बैठकीत उतरतो, तेव्हा टाच किंचित जरी सरकली तरी ०.१ गुण जातो, हात टेकला तर ०.२ आणि पडल्यास ०.३. वरच्या क्रमांकांतील अंतर अनेकदा याहूनही कमी असते, त्यामुळे त्या एका टाचेवर पदकाचा रंग बदलू शकतो.

उत्तर ३:
वरील खुलासा बरोबर आहे. मात्र एक पुस्ती जोडतो. सांदाच्या एखाद्या वजनगटात स्पर्धक मोजकेच असले, तर एखादी लढत जिंकूनही कांस्य निश्चित होऊ शकते. म्हणून पदकांच्या संख्येपेक्षा खेळाडूने किती लढती जिंकल्या हे पाहावे, असे माझे मत आहे. अर्थात यावरून कांस्य स्वस्त ठरवू नये, कारण सलामीलाच बलाढ्य प्रतिस्पर्धी पुढ्यात आला तर तेही हातचे जाते. सांदात भारताची मजल कांस्यापुरतीच राहिलेली नाही. पूजा कादियान यांनी २०१७ साली कझानच्या जागतिक अजिंक्यपद स्पर्धेत ७५ किलो गटात सुवर्ण जिंकले. वुशूमधील भारताचे ते पहिले जागतिक सुवर्ण.

प्रश्नकर्ता:
सर्वांचे आभार. आता सांदाचे निकाल वेगळे काढून वाचले. ग्वांगझोऊच्या २०१० च्या आशियाई स्पर्धेत संध्याराणी देवी यांनी ६० किलो गटात रौप्य मिळवले होते. त्यानंतर तेरा वर्षांनी, २०२३ मध्ये हांगझोऊला, त्याच गटात रोशिबिना यांनी रौप्य मिळवले. अंतिम लढतीत चीनच्या वू शियाओवेई यांच्याकडून त्या हरल्या. दोघीही मणिपूरच्या. तिथल्या सांदाच्या प्रशिक्षणाविषयी कोणी लिहिणार असेल, तर अवश्य लिहावे.